संजीवनीचा डोस किती?

गेल्या शनिवारी फॅमिली ग्रुपवर पुन्हा तोच फोटो आला. मुठीसारखी आवळलेली, वाळकी तपकिरी वनस्पती, शेजारी पाण्याची वाटी. दुसऱ्या फोटोत तीच वनस्पती हिरवीगार उलगडलेली. खाली मजकूर: रामायणातली संजीवनी, कॅन्सरपासून लकव्यापर्यंत सगळ्यावर रामबाण! एरवी मी असले फॉरवर्ड न उघडताच डिलीट करतो. या वेळी मात्र डोकं फिरलं. कारण पुढे येईलच.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो, नाहीतर कॉमेंटमध्ये मला धर्मद्रोही ठरवाल. माझं भांडण रामायणाशी अजिबात नाही. उलट वाल्मीकींनी कल्पनेचं काम चोख केलंय. युद्धकांडात एक नाही, चार वनस्पती आहेत. मृतसंजीवनी मेलेल्याला उठवते, विशल्यकरणी शरीरात रुतलेली शस्त्रं काढून जखमा भरते, सुवर्णकरणी अंगाची कांती परत आणते आणि संधानकरणी तुटलेलं सांधते. आमच्या धंद्यात याला चार मॉड्यूल म्हणतील, प्रत्येकाला नेमून दिलेलं एकेक काम. त्या वनस्पती रात्री झळकतात, त्यांच्या नुसत्या वासाने राम-लक्ष्मण उठून बसतात. आणि सगळ्यात भारी गुणधर्म म्हणजे कोणी न्यायला आलंय हे कळताच त्या अदृश्य होतात! म्हणून तर मारुतीने अख्खं शिखर उचललं. (वाल्मीकींचा मारुती ते काम झाल्यावर परत नेऊन ठेवतो. उत्तराखंडातल्या द्रोणागिरी गावाला हे मान्य नाही. आमचा डोंगर नेला म्हणून तिथे मारुतीची पूजाच करत नाहीत. एवढा जुना बग, अजून ओपन.)

आता सांगा, शोधायला गेलं की अदृश्य होते अशी जिची ख्याती, ती शोधायला बजेट किती लागेल? उत्तराखंड सरकारने २०१६ मध्ये याचं उत्तर दिलं : २५ कोटी रुपये. ठिकाण अर्थातच द्रोणागिरी. त्याच हिमालयात खऱ्याखुऱ्या वनौषधींची लूट चालू असताना!

फोटोतल्या वनस्पतीचं नाव सेलॅजिनेला ब्रायोप्टेरिस. नेच्याच्या दूरच्या नात्यातली, खडकांवर वाढते. उन्हाळ्यात पार कोरडी होते, पाणी मिळालं की पुन्हा उलगडते. आता हे काय कमी आश्चर्य आहे? बहुतेक झाडं इतकी सुकली की मरतात. ही मात्र पेशींची मोडतोड होऊ न देता थांबून राहते. २००५ मध्ये तिच्या अर्कावर एक अभ्यास प्रसिद्ध झाला. प्रयोगशाळेतल्या पेशींना उष्णतेपासून आणि अतिनील किरणांपासून थोडं संरक्षण मिळतं असं त्यात दिसलं. पुढे २००९ मध्ये गणेशय्या आणि सहकाऱ्यांनी अनेक भारतीय भाषांमधली वनस्पतींची नावं चाळून, संजीवनी म्हणण्याजोगं काय काय आहे याची छाननी केली. मजेदार, प्रामाणिक काम. पण ताटलीतल्या पेशी म्हणजे माणूस नव्हे, आणि नावं जुळली म्हणून रोग बरा होत नाही. फॉरवर्ड लिहिणाऱ्याने ही पायरी बिनदिक्कत गाळली.

आता ते कारण. काही वर्षांपूर्वी आमच्या काकांना मोठ्या आतड्याचा कॅन्सर झाला. केमोची पहिली फेरी जड गेली, जुलाबांनी माणूस अर्धा झाला. तेवढ्यात एक नातेवाईक तीर्थयात्रेहून हीच 'संजीवनी' घेऊन आले. 'आजाराने नाही हो, केमोनेच माणूस जातो' हे पालुपदही सोबत. काकांनी दुसरी फेरी टाळली आणि तीन आठवडे सकाळ-संध्याकाळ ते पाणी प्यायले. त्या नातेवाईकांना मी एकच विचारलं होतं, डोस किती? म्हणाले, 'अरे, नैसर्गिक आहे, कितीही घे.'

बस्स, इथेच सगळं आलं. कितीही घ्या, कशावरही चालतं, अपाय काहीच नाही! जिला मात्रा नाही, मर्यादा नाही, दुष्परिणाम नाही, ती वनस्पती काल्पनिक असते, मग ती काव्यात असो की प्लास्टिकच्या पिशवीत.

काकांना सलाईनमधून जे औषध द्यायचे त्याचं नाव इरिनोटेकॅन. ते कॅम्प्टोथेसिन नावाच्या द्रव्यापासून बनतं. हे द्रव्य १९६६ मध्ये अमेरिकेत मन्रो वॉल आणि मनसुख वाणी यांच्या गटाने एका चिनी झाडातून वेगळं केलं. हे वाणी जन्माने आपल्या नंदुरबारचे. (किती ग्रुपवर त्यांचा फोटो फिरतो?) औषध अमेरिकेच्या बाजारात यायला मात्र १९९६ उजाडलं. म्हणजे तीस वर्षं! कारण कोणीतरी बसून डोस किती, जुलाब किती, कोणाला द्यायचं नाही, हे सगळं काढत होतं.

आणि आता खरी गंमत. हेच कॅम्प्टोथेसिन १९७२ मध्ये गोविंदाचारी आणि विश्वनाथन यांना एका भारतीय झाडात सापडलं. ते काम झालं मुंबईत, गोरेगावला. झाड आपल्या सह्याद्रीतलं, नाव नरक्या. फुलांना असा वास की शास्त्रीय नावातही 'फिटिडा', म्हणजे दुर्गंधी, आलं होतं. द्रोणागिरीला सुगंध हुंगत फिरणाऱ्यांना हे कसं सापडणार? ज्यांना त्याची किंमत कळली त्यांनी कुऱ्हाडी लावल्या. झाडं बेसुमार तोडली गेली, नरक्या दुर्मिळ होत गेला. त्याला वाचवा म्हणून एक तरी फॉरवर्ड आलाय तुम्हाला?

काका शेवटी परत केमोला गेले. बरे झाले नाहीत, तसं कोणी वचनही दिलं नव्हतं. अडीच वर्षं मिळाली. त्यात मुलीचं लग्न पाहिलं, दोनदा गावी जाऊन आले. एकदा सलाईन चालू असताना मी त्यांना ही नरक्याची कथा सांगितली.

"नरक्या?" काका उठूनच बसले. "अरे, आमच्या चौकुळच्या रानात होती की ती झाडं! फुलली की आम्ही नाक धरून पळायचो."

मग वर लटकणाऱ्या पिशवीकडे बराच वेळ बघत राहिले आणि म्हणाले, "वास नाही येत रे."