दहा सेंटची अंगठी

बस्टर कीटनचा 'नेबर्स' हा १९२० सालचा मूकपट, अवघ्या दोन रिळांचा. समोरासमोर दोन इमारती, मधल्या परसात लाकडी कुंपण. फळीतल्या भोकातून अलीकडचा मुलगा आणि पलीकडची मुलगी एकमेकांना चिठ्ठ्या देतात. दोन्ही घरांचं मात्र हाडवैर. मुलाच्या बापाचं काम कीटनच्या खऱ्या वडिलांनीच केलं आहे.

भांडण कोर्टात जातं, लग्न ठरतं. पण ऐन लग्नात मुलीच्या बापाला कळतं की अंगठी फक्त दहा सेंटची आहे. तो मुलीला ओढत घरी नेतो. मग मुलगा आणि त्याचे दोन मित्र एकमेकांच्या खांद्यांवर उभे राहतात. तिघांचा हा मनोरा परस ओलांडतो आणि मुलीला खिडकीतून उतरवून घेतो.

हसू आवरत नाही. पण बापाचा राग अंगठीवर नव्हता. त्याला तो मुलगाच नको होता, अंगठी आयतं निमित्त ठरली. आपल्या मोहल्ल्यांतही हेच चालतं. कधी बिरादरी आडवी येते, कधी मुलाचा पगार, कधी त्याचं घर. वर दीनचं नाव.

दीन काय सांगतो? बुखारीतल्या हदीसनुसार एका गरीब माणसाला पैगंबरांनी मेहरसाठी निदान लोखंडाची अंगठी तरी शोधायला सांगितलं. तीही मिळेना, तेव्हा त्याला येणाऱ्या कुरआनच्या सूऱ्यांवर निकाह लावून दिला. खन्सा बिन्त खिदाम यांचं लग्न वडिलांनी त्यांच्या मर्जीविरुद्ध लावलं होतं. पैगंबरांनी ते रद्द केलं. हनफी फिक्हमध्ये सज्ञान स्त्री आपला निकाह स्वतः करू शकते. वलीला बरोबरीच्या, म्हणजे कफाअतच्या मुद्द्यावर हरकत घेता येते हेही खरं. पण हरकत घेणं वेगळं आणि मुलीला खोलीत कोंडणं वेगळं.

पळून जाणं चांगलं, असं मी म्हणत नाही. त्यात मुलीचं माहेर तुटतं, आणि पुढे नवऱ्याशी बिनसलं तर परतायला दार उरत नाही. म्हणूनच थोरांनी आधी ऐकून घ्यावं. मुलाची पारख जरूर करावी: स्वभाव, कमाई, व्यसन, सगळं. नकार द्यायचा तर कारण मुलीसमोर बसून सांगावं. ते कारण मोठ्याने सांगताना आपलीच जीभ अडखळत असेल, तर अडचण मुलात नाही.

दाराने सन्मानाने निघू दिलं, तर कुणी खिडकी शोधत नाही.