कोलामाने आणखी किती मिसळायचं?

यवतमाळ जिल्ह्यात आदिवासींचा विषय निघाला की सभेत, कचेरीत, शिक्षकांच्या खोलीत एक वाक्य हमखास कानावर पडतं : ‘त्यांना मुख्य प्रवाहात आणलं पाहिजे.’ बोलणाऱ्याची नियत बहुतेकदा चांगलीच असते. त्यामागचा युक्तिवाद असा, की हे लोक पोडावर, म्हणजे आपल्या वस्तीवर, वेगळे राहतात, वेगळी भाषा बोलतात, वेगळे देव पूजतात, म्हणून मागे राहतात. ते आपल्यासारखे झाले की शिक्षण, नोकरी, पत सगळं मागोमाग येईल. वेगळेपण जपू दिलं तर मात्र समाज फुटेल. जर्मनीच्या चॅन्सेलर अंगेला मर्केल यांनी २०१० साली बहुसांस्कृतिक समाजाचा प्रयोग सपशेल फसल्याचं जाहीर केलं आणि पुढच्याच वर्षी ब्रिटनचे डेव्हिड कॅमेरून त्याच सुरात बोलले. तेव्हापासून या बाजूला परदेशी साक्षीदारही मिळाले आहेत.

मला हा युक्तिवाद मुळातच खोटा वाटतो. तो तपासायला बर्लिनपर्यंत जायची गरज नाही, पांढरकवड्याचा बाजार पुरेसा आहे.

तिथे टोपल्या आणि तट्टे विकायला बसलेला कोलाम आदिवासी घरी कोलामी बोलतो. शेजारच्या गोंडाशी तो गोंडीत बोलतो. पाटणबोरीकडचा, सीमेलगतचा असेल तर व्यापाऱ्याशी तेलुगूत भाव करतो, आणि तुमच्या-माझ्याशी वऱ्हाडीत. शाळेचं तोंड न पाहिलेला हा माणूस तीन-चार भाषांत व्यवहार करतो. त्याच्याशी ज्यांचा रोजचा संबंध येतो त्या तलाठ्याला, वनरक्षकाला, मास्तरांना कोलामीची दहा वाक्यंही सहसा येत नाहीत. मग मिसळलेला कोण आणि न मिसळलेला कोण? गोंडांच्या गावात स्थानिक देवांची पूजा पिढ्यान्‌पिढ्या कोलामाच्या हातून होत आली, म्हणून गोंड त्याला पुजारी म्हणतात. वेगळा राहूनही शेजाऱ्याच्या धर्मव्यवहारात ज्याला मानाची जागा आहे, त्याला शेजारधर्म आपण काय शिकवणार?

तरीही कोलाम मागे आहे हे खरंच आहे. कातकरी आणि माडिया गोंड यांच्यासोबत तो महाराष्ट्रातल्या तीन अतिअसुरक्षित आदिवासी समूहांपैकी एक गणला जातो. पण त्याला मागे कशाने ठेवलं? जातीच्या दाखल्यासाठी १९५० पूर्वीचा पुरावा मागितला जातो, आणि तोही ज्याच्या आजोबांनी कागदाला कधी हात लावला नाही त्याच्याकडे. दाखला नाही म्हणून सवलत नाही, पट्टा नाही म्हणून बँकेचं कर्ज नाही, आणि कर्ज नाही म्हणून पेरणीच्या तोंडावर सावकाराची पायरी. २००६ च्या वनहक्क कायद्याने अशा समूहांच्या वस्तीस्थानाच्या हक्कालाही मान्यता दिली. कायद्यात आहे ते जमिनीवर उतरवायचं काम कोलामी भाषेने अडवलेलं नाही.

शिवाय ज्याला मुख्य प्रवाह म्हणतात तो पोडापर्यंत पोचला नाही, हेही खरं नाही. तो ठेकेदाराच्या, सावकाराच्या, दारूविक्रेत्याच्या रूपाने केव्हाच पोचला. झरी जामणी तालुक्यातल्या कुमारी मातांचा प्रश्न वर्षानुवर्षं वर्तमानपत्रांतून गाजतो आहे. बाहेरून आलेल्या पुरुषांनी लग्नाचं आमिष दाखवून सोडून दिलेल्या या मुली संपर्काच्या अभावाने उद्ध्वस्त झालेल्या नाहीत. संपर्क भरपूर होता. एका बाजूला पैसा, ओळखी आणि वाहनं होती आणि दुसऱ्या बाजूला हक्क सांगायची ताकद नव्हती. हक्क न देता घडवलेल्या मिसळणीची किंमत नेहमी दुबळ्यालाच भरावी लागते. म्हणून मला ‘आधी मिसळा, मग मिळेल’ ही अट क्रूर वाटते.

उलट उदाहरणही याच जिल्ह्यातलं आहे. पुसदजवळच्या गहुलीच्या बंजारा तांड्यात जन्मलेले वसंतराव नाईक डिसेंबर १९६३ ते फेब्रुवारी १९७५ अशी सलग अकरा वर्षं महाराष्ट्राचे मुख्यमंत्री होते. पुढे १९९१ साली सुधाकरराव नाईक त्याच पदावर बसले. ज्या समाजांवर इंग्रजांच्या १८७१ च्या कायद्याने गुन्हेगारीचा शिक्का मारायला सुरुवात केली, त्या भटक्या जगातून आलेल्या समाजाची ही वाटचाल. आक्षेप येईल की नाईक शिकले, नागपूरला राहिले, वकील झाले, म्हणजेच ते मुख्य प्रवाहात गेले. गेलेच. पण शिक्षण आणि पाठीशी असलेली शेती यांनी त्यांना तिथे नेलं, बंजाऱ्यांची गोरबोली टाकल्याने नव्हे. ती भाषा, सेवालाल महाराज आणि पोहरादेवीची यात्रा आजही तांड्यांचा आधार आहेत आणि त्यामुळे महाराष्ट्राला कुठे तडा गेलेला नाही. कोलामाला नाईकांसारखी संधी मिळाली नाही, एवढाच दोघांतला फरक आहे.

आता शाळेकडे येतो, कारण खरा घोळ तिथे आहे. पहिलीत बसलेलं पोडावरचं पोर पाण्याला ‘ईर’ आणि घराला ‘एल्ला’ म्हणतं. त्याला पाणी माहीत आहे, घर माहीत आहे, रानातली कितीतरी झाडं आपल्यापेक्षा जास्त माहीत आहेत. पण मास्तर फळ्यावरचं चित्र दाखवून विचारतात तेव्हा ते गप्प राहतं. ही गप्प मुलं ‘मंद’ ठरतात, मागच्या रांगेत जातात, आणि कापूस वेचणीच्या दिवसांत शाळेतून दिसेनाशी होतात. मग आपण म्हणतो, ‘यांना शिक्षणाची आवडच नाही.’

१६ एप्रिल २०२५ रोजी राज्य सरकारने पहिलीपासून हिंदी सक्तीची करणारा आदेश काढला तेव्हा महाराष्ट्र काय म्हणाला, ते आठवा. सहा वर्षांच्या मुलावर परकी भाषा लादू नका, आधी त्याचा पाया मातृभाषेत पक्का होऊ द्या, पुढे त्याने हव्या तेवढ्या भाषा शिकाव्यात. साहित्यिक बोलले, शिक्षणतज्ज्ञ बोलले, पालक रस्त्यावर आले आणि २९ जूनला सरकारला तो आदेश मागे घ्यावा लागला. त्या लढ्याचा मला अभिमान आहे. पण त्यातला प्रत्येक शब्द कोलाम मुलाला जसाच्या तसा लागू पडतो. त्याच्यावर तर तिसरी भाषा नाही, पहिल्याच दिवसापासून पूर्ण शाळाच परकी भाषा म्हणून कोसळते. जो न्याय आपण सरकारकडे मागितला तो पोडावर द्यायला आपण नाकारत असू, तर आपलं मराठीप्रेम न्यायाचं नव्हतं, निव्वळ संख्याबळाचं होतं असाच त्याचा अर्थ निघेल.

‘मग त्यांनी मराठी शिकायचीच नाही का?’ शिकायची, उत्तम शिकायची. तहसील, न्यायालय, दवाखाना, बाजार समिती सगळं मराठीत आहे. मराठी न येणारा कोलाम पुन्हा सावकाराच्याच हाती सापडेल. मुद्दा क्रमाचा आहे. अक्षरओळख आणि पहिली गणितं कोलामीतून, आणि त्या आधारावर मराठी. संविधानाच्या अनुच्छेद २९ ने प्रत्येक समूहाला आपली भाषा जपण्याचा हक्क दिला. अनुच्छेद ३५०क ने भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेत देण्याची सोय करावी, असं राज्याला सांगितलं. कोलामाने काही जास्तीचं मागितलेलं नाही.

‘हे व्यवहारात जमणार नाही’ म्हणणाऱ्यांनी पैनगंगेपलीकडे पाहावं. निजामी राजवटीत गोंड नेता कुमरम भीमाचं बंड १९४० साली गोळ्यांनी मोडलं गेलं, आणि मग सरकारला प्रश्न पडला की गोंड लोक उठले का. मानववंशशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ यांच्या सल्ल्याने १९४३ साली आदिलाबादच्या मार्लवाईत गोंड शिक्षकांचं प्रशिक्षण केंद्र सुरू झालं. पुस्तकं गोंडीत, लिपी देवनागरी, कारण जे थोडे गोंड शिकलेले होते त्यांना मराठी वाचता येत होतं. आणि तिथे काम केलेला एक अधिकारी तर आपला मराठी इतिहासकारच : सेतुमाधवराव पगडी. त्यांनी गोंडी शिकून घेतली, कोलामीही शिकली आणि १९५० मध्ये कोलामीचं व्याकरण प्रसिद्ध केलं. सामीलीकरण म्हणतात ते हे. ज्याच्या हाती सत्ता आहे त्याने दोन पावलं पुढे यायचं. पंचाहत्तर वर्षांपूर्वी एका मराठी माणसाला साध्या सरकारी नोकरीत जे जमलं, ते आज डी.एड. झालेल्या शिक्षकाला अवघड का वाटावं?

दुसऱ्या टोकाशीही माझं भांडण आहे. आदिवासी जसा आहे तसाच राहू द्या, त्याला हात लावू नका, असं म्हणणारे कमी नाहीत. १९३९ साली मानववंशशास्त्रज्ञ व्हेरियर एल्विन यांनी बैगा आदिवासींसाठी राखीव मुलखाची कल्पना मांडली. १९४३ साली आपल्या मालवणच्या समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी तिला कडाडून विरोध केला आणि सारे आदिवासी मागासलेले हिंदूच आहेत असं प्रतिपादन केलं. वाद गाजला, पण दोघांच्याही मांडणीत निर्णय आदिवासीच्या वतीने दुसराच कुणीतरी घेत होता. एल्विन पुढे आपल्या कल्पनेपासून बरेच दूर सरकले. आपण मात्र मंत्री आले की ढेमसा नाचवून घेतो आणि त्याला संस्कृतीसंवर्धन म्हणतो. संस्कृतीच्या नावाखाली जातपंचायतीने कुणाला वाळीत टाकलं, गडचिरोलीत पाळीच्या दिवसांत बाईला कुर्माघरात ठेवलं, तर तेही खपवून घ्यायचं नाही. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा राज्याचा २०१६ चा कायदा पोडावर, तांड्यावर आणि आपल्या गल्लीत सारखाच चालला पाहिजे. समूहाला भाषा आणि देव राखण्याचा हक्क आहे. आपल्याच लेकीबाळींना कोंडण्याचा हक्क कुणालाही नाही.

पुसद-दिग्रसच्या मुसलमानाकडेही मिसळल्याचा असाच दाखला मागितला जातो. तो वऱ्हाडीत बोलतो, कापसाच्या त्याच भावाने बुडतो, तरी पोरगं उर्दू शाळेत घातलं की त्याच्या आपलेपणावर शंका घेतली जाते. कोलामाकडे दयेने पाहिलं जातं, मुसलमानाकडे संशयाने. मागणी मात्र एकच : आधी आमच्यासारखे व्हा.

म्हणून कोलामापुरती माझी मागणी नेमकी ठेवतो. केळापूर, झरी, मारेगाव, राळेगाव, घाटंजी या भागांतल्या अनुसूचित क्षेत्रात स्थानिक आदिवासींसाठी शिक्षक, तलाठी, वनरक्षक अशी पदं राखीव ठेवण्याचं धोरण २०१४ पासून आहे. पण ‘आदिवासी’ या एका रकान्यात गोंड, परधान, आंध आणि कोलाम सगळे येतात, आणि जो आधीपासून शाळेत टिकला तोच पुढे सरकतो. कोलाम तिथेही मागेच राहतो. जिथे पोड आहे तिथल्या शिक्षकाच्या आणि अंगणवाडी सेविकेच्या जाहिरातीत कोलामी बोलता येणं ही पात्रतेची अट घाला. ती पूर्ण करणारे उमेदवार पोडावर बसलेले आहेत. बारावीपर्यंत पोचलेली कोलाम मुलं-मुली मूठभर असतील, पण आहेत, आणि ती मुलं आज पुण्या-मुंबईच्या बांधकामांवर जायच्या तयारीत आहेत.