एक्स्पोर्ट क्वालिटी त्यांची, आपली कोणती?

परदेशी गिऱ्हाईक दहा प्रश्न विचारतं, म्हणून त्याला चांगलं मिळतं. आपण भाव सोडून काही विचारतो का?

फेब्रुवारीतली संध्याकाळ. कॉलेज सुटलंय आणि कोपऱ्यावर द्राक्षांची गाडी उभी आहे. तुम्ही भाव विचारता. गाडीवाला एक घड उचलून उजेडात धरतो आणि म्हणतो, ‘एक्स्पोर्ट क्वालिटी आहे, खाऊन तर बघा!’ झालं. तुमची घासाघीस तिथेच थांबते. दहा-वीस रुपये जास्त देऊन तुम्ही किलोभर द्राक्षं घेऊन घरी येता.

खरं सांगा, एक्स्पोर्ट क्वालिटी म्हणजे नेमकं काय, हे त्याला कधी विचारलंय? मीही कधी विचारलं नव्हतं. टी-शर्ट एक्स्पोर्ट सरप्लसचा, हापूस एक्स्पोर्टचा, बासमती एक्स्पोर्टचा. चांगल्या वस्तूचं कौतुक करायला आपल्याकडे हा एकच शब्द उरलाय. म्हणजे जे दुसऱ्यांसाठी तयार केलं ते उत्तम. आणि जे आपल्यासाठी केलं ते? त्याला ‘लोकल’ म्हणतात.

जागतिकीकरणावर निबंध आपण सगळ्यांनीच लिहिलाय. फायदे पाच, तोटे पाच, शेवटी ‘नाण्याच्या दोन बाजू’. पण त्या निबंधात जे सापडलं नाही, ते मला एका द्राक्षबागेत सापडलं.

एका बांधाला दोन नियम

माझ्या मामांची बाग दिंडोरी तालुक्यात आहे. बांधाच्या अलीकडे एक्स्पोर्टचा प्लॉट, पलीकडे लोकलचा. वेली सारख्या, माती सारखी, पाणीही एकाच विहिरीचं. फरक आहे तो कागदावर.

एक्स्पोर्टच्या प्लॉटची कृषी विभागाकडे नोंदणी असते, त्याला स्वतःचा नंबर असतो. ऑक्टोबर छाटणीपासून कोणत्या तारखेला कोणतं औषध किती फवारलं, ते सगळं वहीत लिहायचं. शेवटची फवारणी आणि काढणी यांच्यात किती दिवस जाऊ द्यायचे तेही ठरलेलं. काढणीच्या आधी प्रयोगशाळेचा माणूस येऊन बागेतून नमुना घेतो आणि रिपोर्ट चांगला आला तरच कात्री लागते. युरोपात अनेक औषधांच्या अंशाची मर्यादा किलोमागे ०.०१ मिलिग्रॅम आहे. हिशेब केला तर शंभर टन द्राक्षांत फक्त एक ग्रॅम! नेदरलँड्समधल्या दुकानात एखाद्या पेटीबद्दल तक्रार आली, तर ती कोणत्या बागेतून निघाली हे शोधता येतं. त्यासाठी अपेडाची ‘ग्रेपनेट’ नावाची व्यवस्था आहे.

आता बांधाच्या पलीकडे या. तिथे व्यापारी येतो, मण्याचा आकार बघतो, साखर किती उतरली ते बघतो, भाव ठरवतो आणि रात्री ट्रक सुटतो. नमुना घ्यायला कुणी येत नाही. तो माल वाईट असतो असं मी म्हणत नाहीये. मामा दोन्हीकडे जपूनच फवारतात. पण तो तपासलेला नसतो, आणि तोच तुमच्या-माझ्या घरी येतो.

मी मामांना विचारलं, ‘मामा, दोन्ही प्लॉट एकसारखेच का नाही करत?’

ते हसले. म्हणाले, ‘अगं, करीन की! पण लोकलला विचारतंय कोण?’

धडा महागात पडला

या प्रश्न विचारण्याची किंमत आपल्या शेतकऱ्यांनी चांगलीच मोजली आहे. २०१० च्या हंगामात युरोपात भारतीय द्राक्षांमध्ये क्लोरमेक्वाट क्लोराइड सापडलं. बागाईतदार त्याला ‘सीसीसी’ म्हणतात. वेलीची वाढ आवरायला ते वापरलं जायचं. आपल्याकडे निर्यातीआधी ज्या रसायनांची तपासणी व्हायची, त्या यादीत तेव्हा ते नव्हतंच. रिपोर्ट स्वच्छ, माल जहाजावर, आणि तिकडे पोचल्यावर नकार. कंटेनर अडकले, पैसे बुडाले आणि कर्ज काढून बाग उभी करणारे रस्त्यावर यायची वेळ आली.

जागतिकीकरणाचा कडू अनुभव तो हाच. नियम दुसरीकडे बनतो, आणि तो बदलल्याचं आपल्याला कळतं तेव्हा माल बंदरावर पोचलेला असतो. २०२४ च्या सुरुवातीला तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ले होत होते, म्हणून जहाजं आफ्रिकेला वळसा घालून जायला लागली. भाडं वाढलं, दिवस वाढले आणि त्याची झळ निफाडच्या बागेला लागली. ज्या भांडणाशी आपला काडीचा संबंध नाही, त्याचं बिल आपल्या नावावर.

पण दुसरी बाजूही तेवढीच खरी आहे. शेतकरी नोंदी ठेवायला शिकला, ठिबक आणि शीतगृहं आली, २०१० नंतर तपासणीची यादीही सुधारली. त्या पैशातून घरं उभी राहिली, पोरं-पोरी इंजिनीअर झाल्या. माझ्या मामेबहिणीची फी याच द्राक्षांनी भरली आहे. तेव्हा ‘जागतिकीकरण वाईट’ म्हणून मोकळं व्हायला मी तयार नाही.

माझा राग वेगळ्याच गोष्टीवर आहे. इतकी मेहनत करून जी शिस्त आपण शिकलो, ती बंदरापाशी का संपते?

तिकडून ओरडा झाला की इकडे जाग

२०२४ चा एप्रिल आठवा. हाँगकाँगमध्ये काही भारतीय मसाल्यांत इथिलीन ऑक्साइड सापडल्याचं तिथल्या अन्नसुरक्षा केंद्राने जाहीर केलं. सिंगापूरनेही एक मसाला परत मागवायला लावला. कंपन्यांनी आमचा माल सुरक्षित आहे असं सांगितलं, तो वाद बाजूला ठेवू. पण त्यानंतरच देशभर मसाल्यांचे नमुने गोळा करायचे आदेश निघाले. मसाला आपल्या स्वयंपाकघरात रोजचाच, आणि प्रश्न मात्र हाँगकाँगने विचारला!

त्याच महिन्यात स्वित्झर्लंडच्या ‘पब्लिक आय’ या संस्थेने बाळांच्या खाण्याबद्दल अहवाल काढला. एका मोठ्या कंपनीचं गव्हाचं शिशुआहार जर्मनीत आणि ब्रिटनमध्ये वरून साखर न घालता विकलं जातं, भारतात मात्र कंपनीच्या शिशुआहारांत एका वाढणीमागे सरासरी जवळपास तीन ग्रॅम साखर घातलेली असते, असं त्यात म्हटलं होतं. आम्ही भारतातले नियम पाळतो, असं कंपनीचं उत्तर. बोंबाबोंब झाली, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये बिनसाखरेचे प्रकार आणत असल्याचं कंपनीने जाहीर केलं. बघा, विचारल्यावर मिळतं.

आपल्याकडे कायदा नाही असंही नाही. अन्नसुरक्षेचा २००६ चा कायदा आहे, कीडनाशकांच्या मर्यादा ठरलेल्या आहेत, अन्न व औषध प्रशासनाची कार्यालयं आहेत. नाही ते एकच, मागे लागणारं गिऱ्हाईक.

रिपोर्टात न दिसणारं

आणखी एक गोष्ट. द्राक्षाच्या मण्यात बहुतेक पाणीच असतं. म्हणजे पेटीतून आपण पाणीही पाठवतो. उन्हाळ्यात बागा जगाव्यात म्हणून प्लास्टिक अंथरलेली शेततळी खोदली जातात आणि त्यातली कितीतरी विहिरीतून, बोअरमधून उपसा करून भरली जातात. मण्यात औषध किती उरलं ते रिपोर्ट सांगतो. विहिरीत पाणी किती उरलं ते सांगत नाही. ते बघायचं काम रॉटरडॅमच्या दुकानदाराचं नाही, आपलंच आहे.

आणि बागेत राबणाऱ्या बायका? पेठ-सुरगाण्याकडून हंगामासाठी येतात, दिवसभर हात वर करून घडांची विरळणी करतात. त्यांच्यासाठी बागेत संडास आहे का, प्यायला स्वच्छ पाणी आहे का, हे आता काही परदेशी खरेदीदार विचारायला लागलेत. मामांच्या एक्स्पोर्टच्या प्लॉटजवळ संडास बांधला गेला तो त्यामुळेच. मला आनंद झाला आणि लाजही वाटली. आपल्याच बायकांसाठी एक संडास बांधायला आपल्याला सातासमुद्रापलीकडचं गिऱ्हाईक लागलं.

आणि आपण?

आता जरा स्वतःकडे बघू. आपणही एक्स्पोर्टचा माल व्हायलाच धडपडतोय ना? तालुक्याच्या गावातसुद्धा आयईएल्टीएसचे बोर्ड लागलेत. कोर्स निवडताना पहिला प्रश्न, ‘बाहेर याला स्कोप आहे का?’ बाहेर जाण्यात चूक काहीच नाही, मलाही जग बघायचंय. पण द्राक्षाचं झालं ते आपलंही होतं. जानेवारी २०२४ मध्ये कॅनडाने परदेशी विद्यार्थ्यांच्या परवान्यांवर मर्यादा आणली. सप्टेंबर २०२५ मध्ये अमेरिकेने नव्या एच-वन-बी अर्जावर एक लाख डॉलरचं शुल्क लावलं. कर्ज काढून तयारी केलेल्यांचा कंटेनर असा अचानक अडकला.

जो बाहेर जाऊ शकला नाही, तो ‘लोकल’. त्याच्या कॉलेजच्या लॅबमध्ये उपकरणं चालतात की नाही, त्याला पगार वेळेवर मिळतो की नाही, याची तपासणी कोण करतं? भाषा तीच आहे, बघा. उत्तम ते बाहेर पाठवायचं, उरलेलं इथे चालवून घ्यायचं. द्राक्षाच्या बाबतीत हे आपण चालवून घेतलं, म्हणून माणसांच्या बाबतीतही ते खटकत नाही.

तुम्ही म्हणाल, तपासणी काय फुकट होते का? होत नाही. त्याचा खर्च कुठेतरी भावात येणारच आणि तो एकट्या शेतकऱ्यावर टाकणं अन्यायाचं आहे. बाजार समितीत सरकारी खर्चाने नमुने घेता येतील. तपासलेल्या मालाला दोन रुपये जास्त द्यायची तयारी आपल्यालाही दाखवावी लागेल. मोबाइलच्या कव्हरवर दोनशे रुपये घालवणाऱ्या आपल्याला ते जड जाऊ नये.

सुरुवात छोटी करू. माहिती अधिकाराच्या अर्जाला दहा रुपये लागतात. आपल्या जिल्ह्यात गेल्या वर्षी फळं-भाज्यांचे किती नमुने कीडनाशकांसाठी तपासले, किती नापास झाले आणि पुढे काय केलं, एवढं अन्न व औषध प्रशासनाला विचारा. कॉलेजच्या कँटीनला अन्नसुरक्षेचा परवाना आहे का, तो भिंतीवर लावलाय का, ते बघा. कृषीच्या किंवा केमिस्ट्रीच्या वर्गात असाल, तर प्रोजेक्टला हाच विषय घ्या. उत्तरं लगेच येणार नाहीत, टोलवाटोलवी होईल. होऊ द्या. युरोपातल्या गिऱ्हाइकालाही एका दिवसात सगळं मिळालं नव्हतं.

मामा दोन्ही प्लॉट सारखे करायला तयार आहेत. त्यांना फक्त कुणीतरी विचारायला हवंय. तेव्हा पुढच्या वेळी गाडीवाला ‘एक्स्पोर्ट क्वालिटी’ म्हणाला, की पैसे काढायच्या आधी हसून एवढंच म्हणा, ‘दादा, ते राहू द्या. हा माल तपासलाय का, ते सांगा.’ त्याच्याकडे उत्तर नसेल. पण दिवसात दहा जणांनी विचारलं, तर तोही रात्री मार्केटमध्ये व्यापाऱ्याला विचारेल. आणि व्यापारी बागेत येऊन मामांना.