भोंग्यापलीकडचा पर्यावरण कायदा

मोहल्ल्यात ‘पर्यावरण कायदा’ म्हटलं की पहिल्यांदा काय आठवतं? मशिदीच्या कमिटीला आलेली पोलिसांची नोटीस. जानेवारी २०२५ मध्ये कुर्ल्याच्या नेहरूनगरमधील रहिवाशांच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला. लाऊडस्पीकर हा कोणत्याही धर्माचा अत्यावश्यक भाग नाही, आवाजाची मर्यादा मोडणाऱ्यांवर पोलिसांनी कारवाई करावी, असं न्यायालयाने सांगितलं. त्यानंतर नोटिसा निघाल्या, भोंगे उतरले, कुठे लहान बॉक्स स्पीकर आले. निवासी भागात दिवसा ५५ डेसिबल, रात्री ४५, आणि रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर स्पीकर बंद, हे आकडे आज कमिटीच्या सदस्यांना पाठ आहेत.

नियम सगळ्यांना सारखे असतील तर ते पाळले पाहिजेत, यात वाद नाही. अंमलबजावणी सारखी होते का, हा प्रश्न वेगळा आहे आणि त्यावर या अगोदरही लिहून झालं आहे. आज आम्हाला दुसऱ्याच गोष्टीकडे लक्ष वेधायचं आहे. हे ध्वनिप्रदूषण नियम २००० साली आले आणि ते ‘पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६’ या कायद्याखाली केलेले आहेत. म्हणजे ज्या कायद्याने आपल्या भोंग्याचा आवाज मोजला, त्याच कायद्याने आपल्या नळाचं पाणी, गल्लीतली हवा आणि शेजारचा कचऱ्याचा डोंगरही मोजता येतो. पण हा कायदा आपल्याला नोटिशीतूनच माहीत झाला. तक्रारदार म्हणून आपण तो फारसा हातात घेतलाच नाही. आणि आता, हातात घ्यायची वेळ आली असताना, त्याची धार बोथट होत चालली आहे.

कायदा कुठून आला?

जून १९७२ मध्ये स्वीडनमधील स्टॉकहोम शहरात मानवी पर्यावरणावर संयुक्त राष्ट्रांची परिषद झाली. पंतप्रधान इंदिरा गांधी तिथे स्वतः गेल्या होत्या. त्यानंतर १९७४ मध्ये जलप्रदूषणाचा कायदा आला आणि प्रदूषण नियंत्रण मंडळं उभी राहिली. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने पर्यावरणाचं रक्षण हे राज्याचं धोरण (कलम ४८ अ) आणि नागरिकाचं कर्तव्य (कलम ५१ अ) ठरलं. १९८१ मध्ये हवेचा कायदा झाला.

कागदावर सगळं होतं. तरीही २ आणि ३ डिसेंबर १९८४ च्या मधल्या रात्री भोपाळमध्ये युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून मिथाइल आयसोसायनेट वायू सुटला. तो कारखान्याला लागून असलेल्या गरीब वस्त्यांमध्ये आणि जुन्या शहरात शिरला. जयप्रकाश नगर, काझी कॅम्प ही नावं त्या रात्रीपासून देशाला कळली. हजारो माणसं मेली, त्याहून कितीतरी जास्त आयुष्यभरासाठी आजारी झाली. वायूने हिंदू-मुस्लिम पाहिलं नाही. पण कारखान्याच्या भिंतीला टेकून कोण राहतं, ते गरिबीने आधीच ठरवलेलं होतं.

१९८६ चा कायदा या मृत्यूंनंतर आला. म्हणून तो परका नाही. आपल्यासारख्याच वस्त्यांमधल्या माणसांनी त्याची किंमत मोजली आहे.

भोपाळच्या माणसांना मात्र त्याचा फायदा फार थोडा झाला. १९८९ मध्ये ४७ कोटी डॉलरवर तडजोड झाली. भरपाई वाढवून मागणारी सरकारची शेवटची याचिका सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये फेटाळली. कारखान्यात पडून असलेला ३३७ टन विषारी कचरा जानेवारी २०२५ मध्ये, म्हणजे चाळीस वर्षांनी, पीथमपूरला हलवला गेला आणि त्याच वर्षी जाळला गेला. मधल्या काळात लढाई जिवंत ठेवली ती पीडितांनीच. अब्दुल जब्बार यांनी गॅसपीडित महिलांची संघटना उभी करून मरेपर्यंत, २०१९ पर्यंत, पाठपुरावा केला. त्यांना मरणोत्तर पद्मश्री मिळाली. रशीदा बी आणि चंपादेवी शुक्ला या दोघींना २००४ मध्ये गोल्डमन हा जगातला मानाचा पर्यावरण पुरस्कार मिळाला. यातलं कुणी वकील नव्हतं, कुणी मोठ्या घरातलं नव्हतं.

गटाराच्या तक्रारीतून झालेला निकाल

आपल्याकडे पर्यावरण कायदा संसदेइतकाच न्यायालयांनीही घडवला. त्यातला एक निकाल प्रत्येक मोहल्ल्यात माहीत असायला हवा.

मध्य प्रदेशातील रतलाम शहरातल्या एका वॉर्डातील रहिवासी उघड्या गटारांना आणि दारूच्या कारखान्यातून रस्त्यावर येणाऱ्या घाण पाण्याला कंटाळले होते. ते दंडाधिकाऱ्याकडे गेले. गटारं बांधा, असा आदेश झाला. नगरपालिका म्हणाली, आमच्याकडे पैसे नाहीत. हे ऐकलेलं वाटतं ना? प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयात गेलं. १९८० मध्ये न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी ठरवून दिलं की पैशाची अडचण सांगून नगरपालिकेला सार्वजनिक आरोग्याची जबाबदारी टाळता येणार नाही. तेव्हा ही तक्रार फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १३३ खाली झाली होती. आज तीच तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ मध्ये आहे.

पुढे दिल्लीच्या एका कारखान्यातील वायुगळतीच्या खटल्यात १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की धोकादायक धंदा करणाऱ्याला अपघाताची पूर्ण जबाबदारी घ्यावीच लागेल, ‘आमची चूक नव्हती’ ही सबब चालणार नाही. १९९१ मध्ये स्वच्छ पाणी आणि हवा हा कलम २१ मधील जगण्याच्या हक्काचाच भाग ठरला.

१९९६ चा वेल्लोर निकाल मात्र आपल्याला आरसा दाखवतो. तामिळनाडूतल्या पालार नदीकाठच्या चामड्याच्या कारखान्यांनी नदी आणि विहिरी नासवल्या होत्या. आंबूर, वाणियंबाडी भागातला हा धंदा मोठ्या प्रमाणावर मुस्लिम व्यापाऱ्यांचा. न्यायालयाने प्रत्येक कारखान्याला १० हजार रुपये दंड केला आणि दोन तत्त्वं देशाचा कायदा म्हणून पक्की केली. नुकसान होण्याआधीच सावध व्हा, हे पहिलं. ज्याने घाण केली त्यानेच भरून द्यावं, हे दुसरं. त्या पीठावर न्यायमूर्ती फैजानुद्दीन होते. कारखाना कुणाचा, याला महत्त्व नव्हतं. नदी सगळ्यांची होती. सायझिंगच्या चिमणीचा धूर किंवा डाइंगचं रंगीत पाणी आपल्याच भावाच्या युनिटमधून येत असेल, तर तिथेही गप्प बसून चालणार नाही. मालेगाव-भिवंडीच्या वाचकांना आम्ही काय म्हणतोय ते कळेल.

आता काय होतंय?

१९९४ पासून, आणि २००६ च्या अधिसूचनेनंतर अधिक नीट, नियम असा आहे: मोठ्या प्रकल्पाने काम सुरू करण्यापूर्वी पर्यावरण मंजुरी घ्यायची. आधी परिणाम तपासायचे, अनेक प्रकल्पांत लोकांची जनसुनावणी घ्यायची, मग वीट ठेवायची. पण २०१७ च्या अधिसूचनेने आणि २०२१ च्या कार्यालयीन आदेशाने केंद्र सरकारने मागचा दरवाजा उघडला. मंजुरी न घेता काम सुरू केलं असेल, तर दंड भरून नंतर मंजुरी मिळू शकेल. सरकारी भाषेत याला कार्योत्तर मंजुरी म्हणतात. निकाह आधी लावायचा आणि मुलीला ‘कबूल आहे का’ हे महिन्याभराने विचारायचं, असा हा प्रकार.

मुंबईच्या ‘वनशक्ती’ संस्थेने याला आव्हान दिलं. १६ मे २०२५ रोजी न्यायमूर्ती अभय ओक आणि उज्ज्वल भुयान यांच्या पीठाने हे दोन्ही आदेश रद्द केले आणि सरकारला पुन्हा असा मार्ग काढायला मनाई केली. त्याआधी दिलेल्या मंजुऱ्यांना मात्र हात लावला नाही. पण १८ नोव्हेंबर २०२५ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा निकाल दोन विरुद्ध एक मतांनी मागे घेतला आणि प्रकरण नव्याने सुनावणीला ठेवलं. तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई आणि न्यायमूर्ती विनोद चंद्रन एका बाजूला होते, भुयान यांनी सविस्तर असहमती नोंदवली.

बहुमताचं म्हणणं असं की सुमारे २० हजार कोटींचे सार्वजनिक प्रकल्प पाडावे लागतील. त्यात ओडिशातील एम्सचं रुग्णालयही आहे. शिवाय पाडकामानेही प्रदूषण होतंच. हा मुद्दा हसण्यावारी नेण्यासारखा नाही. जनतेच्या पैशाचं रुग्णालय पाडा असं कोण म्हणेल? पण प्रश्न त्या एका रुग्णालयाचा नाही. दंड भरला की सुटका होते, हे एकदा कळलं की मोठा बिल्डर दंडाची रक्कम खर्चाच्या हिशेबातच धरून चालेल. परवानगी नसलेल्या झोपडीच्या बाबतीत मात्र पाडायचा खर्च आणि उडणारी धूळ कुणी मोजल्याचं आम्हाला आठवत नाही.

दुसरा बदल तर अनेकांच्या लक्षातही आला नाही. १९८६ च्या कायद्यात उल्लंघनाला पाच वर्षांपर्यंत कैद होती. २०२३ च्या ‘जनविश्वास’ कायद्याने ती काढून त्याजागी १० हजार ते १५ लाख रुपये दंड आणला. १ एप्रिल २०२४ पासून हा दंड न्यायालय नव्हे, सरकारने नेमलेला अधिकारी ठरवतो. खटले वर्षानुवर्षं रखडत, त्यापेक्षा लवकर दंड बरा, असं सरकार म्हणतं. त्यात तथ्य आहे. पण कोट्यवधींची उलाढाल असलेल्या कंपनीला १५ लाखांची भीती किती वाटणार?

गोवंडीचा हिशेब

हे सगळं दिल्लीतलं वाटत असेल तर गोवंडी-मानखुर्दला या. देवनारचं डम्पिंग ग्राउंड १९२७ पासून आहे. जानेवारी २०१६ मध्ये तिथे लागलेल्या आगीचा धूर अख्ख्या मुंबईवर पसरला, आसपासच्या शाळा बंद ठेवाव्या लागल्या. तेव्हा कुठे दक्षिण मुंबईला कळलं की शिवाजीनगर, बैंगनवाडीची मुलं रोज कशात श्वास घेतात. आता तिथला सुमारे १८५ लाख टन जुना कचरा हटवायचं काम महापालिकेने काढलंय आणि त्यातली काही जमीन धारावीतल्या लोकांच्या पुनर्वसनासाठी देण्याचं ठरलं आहे. कचऱ्याच्या शेजारी राहिलेल्यांनंतर आता थेट कचऱ्याच्या जागेवर राहायला कुणाला पाठवणार, तिथली माती आणि त्यातून निघणारा वायू कोण तपासणार, हे प्रश्न इमारती उभ्या राहण्यापूर्वी विचारायचे आहेत. नंतर विचारून काय, वरातीमागून घोडे.

गोवंडीत आशेचीही एक गोष्ट आहे. तिथल्या रहिवाशांच्या संस्थेने हॉस्पिटलचा कचरा जाळणाऱ्या प्रकल्पाविरुद्ध उच्च न्यायालय गाठलं आणि २०२३ मध्ये न्यायालयाने तो प्रकल्प दोन वर्षांत दुसरीकडे हलवण्याचा आदेश दिला. आदेश मिळाला म्हणजे सगळं झालं असं नाही, अंमलबजावणीच्या मागे लागावंच लागतं. पण वस्तीतली माणसं कायदा वापरू शकतात, हे त्यांनी दाखवलं.

आपल्या हातात काय आहे?

२०१० च्या कायद्याने राष्ट्रीय हरित लवाद स्थापन झाला. महाराष्ट्रासाठीचं त्याचं पश्चिम विभागीय पीठ पुण्यात आहे. भरपाई मागायची नसेल तर अर्जाची फी १ हजार रुपये, आणि स्वतः उभं राहून बाजू मांडता येते. मुदत मात्र लक्षात ठेवा: तक्रारीचं कारण घडल्यापासून सहा महिने. भरपाई हवी असेल तर पाच वर्षं. एखाद्या प्रकल्पाला दिलेल्या मंजुरीविरुद्ध अपील करायचं तर फक्त ३० दिवस. मुदत चुकल्यामुळे खरी तक्रारही दारातूनच परत येते.

जनसुनावणीची नोटीस किमान ३० दिवस आधी मराठी वर्तमानपत्रात यावी लागते, आणि प्रकल्पाच्या अहवालाचा सारांश स्थानिक भाषेत मिळायला हवा. इमारतींच्या प्रकल्पांना यातून सूट आहे, पण कारखाने, खाणी, कचरा प्रकल्प यांना बहुतेक वेळा नाही. त्या सुनावणीत कोकणातला मच्छीमार असो की विदर्भातला शेतकरी, उभं राहून मांडलेलं मत आणि हरकत इतिवृत्तात नोंदवावी लागते. पुढे न्यायालयात तोच कागद उपयोगी पडतो.

आमची सूचना साधी आहे. ज्या कमिट्यांनी डेसिबल मोजायचं यंत्र आणलं, त्यांनी एक वहीही ठेवावी. नळाला घाण पाणी कोणत्या तारखेला आलं, धूर किती वाजता सुटला, कचरा किती दिवस उचलला नाही, फोटो, डॉक्टरांच्या चिठ्ठ्या, महापालिकेला आणि प्रदूषण नियंत्रण मंडळाला दिलेल्या अर्जाची पोच. मोहल्ल्यात शिकून तयार झालेल्या वकील मुलामुलींना त्यात घ्या. शेजारच्या दलित, आदिवासी, कोळी वस्त्यांना बरोबर घ्या, कारण धूर एकच आहे. आणि ही वही लिहायचं काम घरातल्या बायकांकडे असू द्या. पाणी त्या भरतात, खोकणाऱ्या मुलाला रात्री त्याच घेऊन बसतात. भोपाळलाही लढाई त्यांनीच चालवली.

कायद्याची धार दिल्लीत बोथट होतेय, हे खरं. पण न वापरल्यानेही ती गंजते. नोटीस आपल्याला लिहिता येते, हेही एकदा महापालिकेला कळू द्या.