तहान लागल्यावर खोदलेली विहीर

राळेगणसिद्धी म्हटले की पाणलोटाचे काम आठवते. त्या कामामागचे अण्णा हजारे मुळात लष्करातले वाहनचालक, १९६५ च्या पाकिस्तानशी झालेल्या युद्धात खेमकरणला थोडक्यात बचावलेले. त्यांच्या पिढीने जवानाच्या हातातले शस्त्र बदलताना पाहिले. १९६२ च्या चीनशी झालेल्या युद्धात बहुतेकांकडे .३०३ ली-एनफिल्ड रायफल होती. दर गोळीनंतर हाताने बोल्ट मागेपुढे करायचा, की नेम ढळलाच. त्या युद्धानंतर बेल्जियमच्या एफएएल रायफलीच्या धर्तीवरची ७.६२ मिमी एसएलआर, म्हणजे स्वतः गोळी भरून घेणारी रायफल, इशापूरच्या कारखान्यात बनू लागली. तिच्यात गोळीच्या बाराचा थोडा वायू पिस्टन ढकलतो, रिकामे काडतूस बाहेर पडते, २० गोळ्यांच्या मॅगझिनमधून पुढचे चढते आणि डोळा नेमावरच राहतो.

१९६२ ची हार रायफलीमुळे नव्हती, रस्ते आणि गरम कपडेही नव्हते, असे कोणी म्हणेल. ते खरेच, पण म्हणून जुने शस्त्र निर्दोष ठरत नाही. गोळ्यांची उधळपट्टी होईल, हा दुसरा आक्षेप. एसएलआर चाप ओढल्यावर एकच गोळी सोडते. उधळपट्टी रोखते ती शिस्त, बोल्ट नव्हे. रचना चांगली होती, ती उशिरा आली. तहान लागल्यावर विहीर खोदू नये, हे राळेगणला सांगावे लागत नाही. शस्त्रखरेदीच्या फायलींना अजून सांगावे लागते.