ढगातले पेव आणि सभासदाचा पैसा

सातारा आणि सांगली हे सहकाराचे जिल्हे. साखर कारखाने, दूध संघ, पतसंस्था, नागरी बँका, विकास सोसायट्या आणि शिक्षणसंस्था यांच्या जाळ्यात येथील कष्टकऱ्यांचे अवघे आर्थिक जीवन गुंफलेले आहे. या संस्थांच्या दफ्तरखान्यांत गेल्या काही वर्षांत एक स्थित्यंतर निमूटपणे घडत आहे. लाल फडक्यात बांधलेल्या खतावण्या गेल्या. त्यांच्या जागी संगणक आले. आणि आता त्या संगणकांतील हिशेबही संस्थेच्या इमारतीत राहिलेला नाही. तो ‘क्लाउड’वर गेला आहे. हा क्लाउड म्हणजे आकाशातील ढग नव्हे. मुंबई, पुणे वा हैदराबाद येथील दुसऱ्याच्या मालकीच्या इमारतीतील, दुसऱ्याच्या मालकीचे संगणक म्हणजे क्लाउड. तेथे आपला माल ठेवण्याचे भाडे दरमहा द्यावे लागते आणि ते अखेर सभासदाच्या खिशातूनच जाते.

साठवणुकीचे भाडे ही गोष्ट सांगलीला नवी नाही. हरिपूरच्या मातीत खोदलेल्या पेवांमध्ये पिढ्यान् पिढ्या हळद साठवली गेली. पेव किती पोत्यांचे, भाडे किती, मुदत किती, हे व्यापाऱ्याला ठाऊक असे. हळद बाहेर काढताना हमाली पडे. पण ती गावातल्या हमालाच्या चुलीपर्यंत पोहोचे. आजच्या या नव्या पेवाचा मालक परदेशी मक्तेदार आहे, त्याचे दरपत्रक डॉलरमध्ये आहे आणि संचालक मंडळातील बहुतेकांनी ते कधी वाचलेले नाही. विक्रेत्याचा प्रतिनिधी येतो, ‘वापराल तेवढेच पैसे’ असे गोड बोलतो, आणि ठराव एकमताने मंजूर होतो!

हिशेब मांडून पाहू. समजा, एका मध्यम संस्थेचा साठा दहा हजार गिगाबाइट आहे. ॲमेझॉनच्या मुंबई केंद्राचा नेहमीच्या साठवणुकीचा दर दरमहा एका गिगाबाइटला सुमारे अडीच सेंट, म्हणजे महिन्याला २५० डॉलर. डॉलर ९० रुपयांचा धरला, तर महिन्याचे २२,५०० आणि वर्षाचे २,७०,००० रुपये. त्यावर १८ टक्के वस्तू व सेवा कर ४८,६०० रुपये. एकूण ३,१८,६०० रुपये. पहिला धडा येथेच आहे. २००६ साली ही सेवा सुरू झाली तेव्हा डॉलर सुमारे ४५ रुपयांचा होता. २०२२ मध्ये त्याने ८० रुपयांची मर्यादा ओलांडली. कंपनीने दर एका पैशानेही वाढवला नाही, तरी रुपया घसरला की वाळव्याच्या ऊस उत्पादकाचे भाडे वाढते. ज्या मालाची विक्री रुपयांत होते, त्याच्या हिशेबवहीचे भाडे मात्र डॉलरशी बांधलेले, असा हा व्यवहार आहे.

दुसरा धडा याहून कडू आहे. माल पेवात घालताना सहसा शुल्क नाही. बाहेर काढताना आहे. मुंबई केंद्रातून माहिती बाहेर नेण्याचा दर एका गिगाबाइटला सुमारे ११ सेंट. म्हणजे आपलाच दहा हजार गिगाबाइटचा साठा एकदा परत आणायचा, तर सुमारे १,१०० डॉलर, ९९,००० रुपये. चार महिन्यांच्या भाड्याहून अधिक. ही हमाली कोणत्याही हमालाच्या घरी जात नाही. कूळ शेत सोडून जाऊ नये म्हणून घातलेले हे कुंपण आहे. युरोपीय संघाने हे ओळखले. त्याचा डेटा कायदा १२ सप्टेंबर २०२५ पासून लागू झाला. एका कंपनीकडून दुसरीकडे जाताना शुल्क घेण्यास १२ जानेवारी २०२७ पासून मनाई करण्याची तरतूद त्यात आहे. गूगल, ॲमेझॉन आणि मायक्रोसॉफ्ट यांनी २०२४ च्या प्रारंभी, कायमचे सोडून जाणाऱ्या ग्राहकांना हे शुल्क माफ करण्याचे जाहीर केले. जे शुल्क कायद्याची चाहूल लागताच माफ होऊ शकते, ते खर्च भागविण्यासाठी होते असे कोण म्हणेल?

तथापि, ‘क्लाउड म्हणजे साम्राज्यवाद, तेव्हा पुन्हा खतावणीकडे चला’ असे म्हणणाऱ्या मित्रांशीही आम्ही सहमत नाही. २००५, २०१९ आणि २०२१ या वर्षांत कृष्णेच्या महापुराने सांगलीच्या पेठा पाण्याखाली घातल्या; २००५ साली हरिपूरच्या पेवांतही पाणी शिरले. ज्या संस्थेचा एकमेव हिशेब तळमजल्यावरील एका कपाटात आहे, तिच्या ठेवीदारांचे भवितव्य नदीच्या मर्जीवर आहे. स्वतःचा संगणक बसविला म्हणजे साठवण फुकट झाली, हाही भ्रमच. वीज, बॅटऱ्या, निकामी होणाऱ्या डिस्का, राखणदारी आणि जाणकार कर्मचारी यांचा खर्च त्यात धरावाच लागतो. प्रश्न तंत्राचा नाही. त्यावर अधिकार कोणाचा आणि त्याचा हिशेब कोण मागतो, हा आहे.

खर्च कमी करण्याचा पहिला उपाय घरातच आहे. एकाच कागदाच्या पाच-पाच प्रती, प्रत्येक दुरुस्तीची जुनी आवृत्ती, कॅमेऱ्यांचे मुदत संपलेले चित्रण, सोडून गेलेल्या कंत्राटदाराने मागे ठेवलेल्या चाचण्या, या साऱ्याचे भाडे ताज्या ठेवखात्याच्या दरानेच भरले जाते. कोणता कागद किती वर्षे ठेवणे कायद्याने बंधनकारक आहे, याची यादी करावी. वस्तू व सेवा कराचे हिशेब, उदाहरणार्थ, वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम तारखेपासून ७२ महिने ठेवावे लागतात. जे ठेवायचे पण क्वचितच पाहायचे, ते स्वस्त कोठारात हलवावे. सर्वांत खोल कोठाराचा दर नेहमीच्या दराच्या दहाव्या भागाहूनही कमी असतो. मात्र तेथेही अटी आहेत. किमान १८० दिवसांचे भाडे भरावेच लागते, माल काढायला तास लागतात आणि काढणावळ वेगळी. म्हणून रोज लागणारा कागद तेथे टाकणे हा शहाणपणा नव्हे. एवढी छाननी संस्थेतील अनुभवी कारकून कोणत्याही सल्लागाराहून चांगली करील. बिल वाढले म्हणून त्याच कारकुनाला घरी पाठविण्याचा डाव जेथे दिसेल, तेथे कामगार संघटनेने तो हाणून पाडला पाहिजे.

दुसरा उपाय एकजुटीचा. एकेकटी पतसंस्था मक्तेदाराशी भाव करू शकत नाही. एकेकट्या उसकऱ्याला खाजगी कारखानदाराशी तो करता येत नव्हता, म्हणूनच तर सहकार जन्मला. केंद्र सरकारने जून २०२२ मध्ये ६३,००० प्राथमिक कृषी पतसंस्थांच्या संगणकीकरणाला मंजुरी दिली. त्यांच्यासाठी नाबार्डमार्फत एकच क्लाउड-आधारित प्रणाली योजण्यात आली. म्हणजे सामाईक साठवण अशक्य नाही, हे सरकारनेच मान्य केले. पण सामाईक म्हणजे दिल्लीच्या हाती असे समीकरण आम्ही स्वीकारीत नाही. सातारा आणि सांगलीच्या संस्थांनी मिळून साठवणुकीचा संघ का उभारू नये? सांगलीला पुराचे भय, तर साताऱ्याच्या कोयना खोऱ्याने ११ डिसेंबर १९६७ चा भूकंप पाहिला आहे. दोन्ही संकटे एकाच दिवशी सहसा येत नाहीत. सांगलीची एक प्रत साताऱ्यात, साताऱ्याची सांगली जिल्ह्यातील पूररेषेबाहेरच्या उंच तालुक्यात, कुलूपबंद सांकेतिक रूपात ठेवावी. आणि उरलेल्या गरजेपुरता क्लाउड सर्वांनी मिळून, एका करारात, भाव पाडून घ्यावा. कमी खर्चाचे व्यवस्थापन आणि उसाला चांगला दर ही नागनाथअण्णा नायकवडींच्या हुतात्मा कारखान्याची ख्याती होती. ती कोणत्याही परदेशी सल्लागाराकडून उसनी घेतलेली नव्हती.

कार्यकर्त्यांपुढील काम यातून स्पष्ट होते. सहकारी संस्थांच्या वार्षिक सर्वसाधारण सभा ३० सप्टेंबरपूर्वी घ्यावयाच्या असतात. तेथे सभासद म्हणून उभे राहून पाच प्रश्न विचारा. आपला साठा किती आणि तो दरवर्षी किती वाढतो? वार्षिक भाडे दर सभासदामागे किती पडते? करार रुपयांत आहे की डॉलरशी बांधलेला? संस्था उद्या निघून जाऊ म्हणाली, तर माल कोणत्या स्वरूपात, किती दिवसांत आणि किती खर्चात परत मिळेल? आणि एक प्रत आपल्या स्वतःच्या हाती आहे काय? या प्रश्नांची उत्तरे अहवालात छापून घेण्याचा ठराव करा. बाहेर काढण्याच्या शुल्कावर बंदी घालणारा कायदा भारतातही व्हावा, ही मागणी विधिमंडळात आणि संसदेत नेणे हे पक्षाचे काम आहे.

सभासदाचा ऊस किती टन उतरला, हे काट्यावर डोळ्यांत तेल घालून पाहायला या भागातील शेतकरी शिकला, तो संघर्षातून शिकला. आता काटा बदलला आहे. तो मुंबईत आहे आणि डोळ्यांना दिसत नाही. तरीही वजन आपल्याच मालाचे होते आहे. तो काटा तपासण्याचा हक्क सोडून देणारा सहकार फार दिवस सभासदांचा राहणार नाही.