सही आईची, शरीर मुलीचं

१९७५ साली न्यूयॉर्कमध्ये गॅरी ग्रॉस नावाच्या फोटोग्राफरने दहा वर्षांच्या एका मुलीचे बाथटबमध्ये नग्न फोटो काढले. फोटो प्लेबॉय प्रेसच्या एका प्रकाशनासाठी होते. मुलीला त्याचे ४५० डॉलर मिळाले आणि संमतीपत्रावर तिच्या आईने सही केली. पुढे ती मुलगी जगप्रसिद्ध झाली, तसे ते फोटोही पुन्हा बाजारात फिरायला लागले. तेव्हा ती कोर्टात गेली. तिचं म्हणणं साधं होतं: हे फोटो माझे आहेत, मला ते नकोत, आता थांबवा.

मार्च १९८३ मध्ये न्यूयॉर्क राज्याच्या सर्वोच्च अपील कोर्टाने चार विरुद्ध तीन मतांनी निकाल दिला. आईने सही केली आहे, मुलीला ती मोडता येणार नाही.

त्या दिवशी ब्रूक शील्ड्स सतरा वर्षांची होती.

तुमच्यापैकी बहुतेकांना हे नाव फारसं माहीत नसेल. तुमच्या आईवडिलांना विचारा. ‘द ब्लू लगून’ म्हटलं की बाबा जरा घसा खाकरतील आणि विषय बदलतील. त्या खाकरण्याबद्दलच मला बोलायचं आहे.

आधी तिची गोष्ट थोडक्यात. जन्म १९६५. अकरा महिन्यांची असताना साबणाच्या जाहिरातीत पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर. म्हणजे चालता येण्याआधी ती कमावती झाली. आईबाप तिच्या बालपणीच वेगळे झालेले. आई टेरी हीच मॅनेजर, आणि दारूच्या आहारी गेलेली. अकराव्या वर्षी लुई माल या नामांकित फ्रेंच दिग्दर्शकाच्या ‘प्रिटी बेबी’चं शूटिंग, त्यात वेश्यावस्तीत वाढणाऱ्या मुलीची भूमिका. चित्रपट १९७८ मध्ये आला. १९८० मध्ये ‘द ब्लू लगून’. त्याच वर्षी कॅल्विन क्लाइन जीन्सच्या जाहिराती, ज्यांतल्या काही न्यूयॉर्कच्या टीव्ही केंद्रांनी दाखवायला नकार दिला. तेव्हा ती पंधरा वर्षांची होती. जाहिरातीतल्या वाक्यांचा दुसरा अर्थ आपल्याला कळलाच नव्हता, असं तिने पुढे सांगितलं. नंतर टीव्हीवरच्या एका प्रतिष्ठित मुलाखतकार बाईंनी या कोवळ्या मुलीला तिच्या शरीराची मापं विचारली. राष्ट्रीय वाहिनीवर, हसत हसत.

आता नेहमीचा प्रश्न येतो: ‘आई कशी होती हो ती?’

हा प्रश्न इतका सोयीचा आहे, की मला त्याचाच राग येतो. टेरी शील्ड्सचं समर्थन मी करत नाही. पण जरा मोजू या. फोटो काढणारा एक. ते छापणारे दुसरे. ‘प्रिटी बेबी’चा निर्माता स्टुडिओ तिसरा. जीन्सची कंपनी चौथी. ते फोटो अश्लील नाहीत असं म्हणणारा फेडरल न्यायाधीश पाचवा. १९८३ मध्ये रिचर्ड प्रिन्स नावाच्या कलावंताने ग्रॉसच्या त्याच फोटोंपैकी एकाचा पुन्हा फोटो काढला, त्याला ‘स्पिरिच्युअल अमेरिका’ असं भारदस्त नाव दिलं आणि ती ‘कलाकृती’ झाली. ती विकली गेली, संग्रहात गेली. २००९ मध्ये लंडनच्या टेट मॉडर्नने ती प्रदर्शनात मांडली आणि पोलीस येऊन गेल्यावर काढून घेतली. म्हणजे दहा वर्षांच्या मुलीचा तो फोटो ती चव्वेचाळीस वर्षांची झाली तरी भिंतीवर लागत होता. मध्ये चौतीस वर्षं गेली. या सगळ्यात सही करणारा हात आईचा होता, पण कागद कुणी आणला होता? पेन कुणी दिलं होतं? आणि तिकीट काढून, मासिक विकत घेऊन, जाहिरात बघून या सगळ्याला पैसा कुणी पुरवला?

आईला खलनायिका केलं, की बाकी सगळे घरी जाऊन निवांत झोपतात. बाईवर खापर फोडायची ही पद्धत आपल्याला काही नवी नाही.

त्या निकालातली खरी भयंकर गोष्ट कायद्याची आहे, ती नीट समजून घ्या. सर्वसाधारण नियम असा होता, की अज्ञान मुलाने केलेला करार ते मूल मोडू शकतं. कारण उघड आहे: त्याला तेव्हा कळत नव्हतं. पण न्यूयॉर्कच्या कायद्यात फोटोच्या व्यावसायिक वापरासाठी पालकाची लेखी संमती पुरेशी मानली होती. कोर्ट म्हणालं, कायदेमंडळाने हा अधिकार पालकाला दिला आहे, म्हणून मुलीला तो मोडता येणार नाही. बालकलाकारांच्या करारांना कोर्टाची आधी मंजुरी घेण्याची सोय तिथल्या कायद्यात होती. पण ती नट, गायक, नर्तक यांच्यासाठी. मॉडेल त्यात बसत नव्हत्या. म्हणजे मुलीने नाटकात संवाद म्हटला तर तिला संरक्षण, आणि नुसतं शरीर दाखवलं तर नाही. जिथे बोलायला तोंड होतं तिथे कायदा होता, जिथे फक्त देह होता तिथे नव्हता.

ही फट बुजवायला न्यूयॉर्क राज्याला किती वेळ लागला? अठरा वर्षांखालच्या मॉडेलना बालकलाकारांचं संरक्षण मिळालं ते २०१३ मध्ये. निकालानंतर तीस वर्षांनी.

यावर एक उत्तर मी हमखास ऐकतो. ‘अहो, पण तिचं वाईट काय झालं? छान झालं की सगळं.’ खरंच आहे. ती प्रिन्स्टनला गेली, १९८७ मध्ये पदवी घेतली. नव्वदच्या दशकात ‘सडनली सुझन’ या मालिकेने तिला विनोदी अभिनेत्री म्हणून नवी ओळख दिली. २००५ मध्ये बाळंतपणानंतरच्या नैराश्यावर तिने पुस्तक लिहिलं. ती घेत असलेल्या औषधांवरून टॉम क्रूझने जाहीर टीका केली, तेव्हा तिने वर्तमानपत्रात लेख लिहून त्याला उत्तर दिलं. २०२४ मध्ये ती अमेरिकेतल्या रंगभूमी कलाकारांच्या संघटनेची अध्यक्ष झाली. ज्या मुलीला करारात आवाज नव्हता, ती आज इतरांच्या करारांसाठी भांडते आहे. याचं कौतुक मलाही आहे.

पण हा युक्तिवाद तपासून बघा. एखादा माणूस वेगात असलेल्या गाडीखालून वाचून बाहेर आला, तर आपण ‘बघा, गाडी किती सुरक्षित आहे’ असं म्हणतो का? ब्रूक वाचली ती ब्रूकमुळे. शिकली, लांब गेली, शब्द मिळवले. ज्या वाचल्या नाहीत त्यांच्यावर माहितीपट निघत नाहीत, आणि त्यांची नावं तुम्हाला-मला माहीतही नसतात. एका यशस्वी बाईचं उदाहरण देऊन व्यवस्थेला पास करायचं, ही चलाखी आहे.

दुसरं उत्तर जास्त अवघड आहे, म्हणून ते टाळत नाही. ब्रूक स्वतः ‘प्रिटी बेबी’बद्दल पश्चात्ताप व्यक्त करत नाही. तो चांगला चित्रपट आहे असं ती मानते. आईवर तिने अख्खं पुस्तक लिहिलं आणि त्यात प्रेमही आहे. मग तिला नाही खुपत, तर तुम्हाला का खुपतं?

कारण माफ करणं हा तिचा हक्क आहे. निर्दोष ठरवणं ही वेगळी गोष्ट आहे. तिने आपल्या आयुष्याशी केलेला समझोता तिचा आहे. त्याची झेरॉक्स काढून बाकीच्यांनी खिशात घालायची नसते. २०२३ मध्ये तिच्यावर माहितीपट आला, नाव पुन्हा ‘प्रिटी बेबी’. त्यात तिच्या दोन किशोरवयीन मुली जेवणाच्या टेबलावर आईशी त्या चित्रपटाबद्दल बोलतात. आईला जे समजावून घ्यायला आयुष्य लागलं, ते मुलींना सरळ दिसतं: हे आज कुणी करू देणार नाही. मला तो प्रसंग फार महत्त्वाचा वाटतो. आईची आठवण आणि मुलींची नजर, दोन्ही खऱ्या. पण कायदा बनवायचा तर तो मुलींच्या नजरेने बनवायला हवा.

पण आज खरंच कुणी करू देत नाही?

आपल्याकडे या. घर चालवणाऱ्या लहान मुली मराठीला नव्या नाहीत. हंसा वाडकर घरच्या पैशांच्या गरजेपायी कोवळ्या वयात सिनेमात आल्या. ‘सांगत्ये ऐका’ हे त्यांचं आत्मकथन वाचा, मग ‘मुलीने घराचं नाव काढलं’ हे वाक्य तुम्हाला पूर्वीसारखं ऐकू येणार नाही. हिंदी सिनेमाच्या श्रेयनामावलीत वर्षानुवर्षं ‘बेबी’ अमुक, ‘मास्टर’ तमुक अशी नावं आली. त्या बेबींचे पैसे कुठे गेले, हे विचारायची पद्धत नव्हती.

आता कायदा आहे. २०१६ च्या दुरुस्तीने बालमजुरीवर बंदी घातली, पण बालकलाकारांना सवलत ठेवली. २०१७ च्या नियमांनुसार मुलाला दिवसाला पाच तासांहून जास्त काम देता येत नाही, सलग तीन तासांहून जास्त नाही, जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, आणि कमाईतला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत टाकावा लागतो. अमेरिकेत हा धडा जॅकी कूगनने शिकवला होता. चॅप्लिनच्या ‘द किड’मधला तो पोरगा मोठा झाला तेव्हा त्याची कमाई आई आणि सावत्र बापाने उडवलेली होती. त्याच्या खटल्यानंतर १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात कायदा झाला.

पण हे नियम लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर सेट होता, निर्माता होता, शूटिंगची तारीख होती. हॉलमध्ये टीव्हीसमोर आईने मोबाइलवर काढलेल्या रीलचा निर्माता कोण? पाच तास कुणी मोजायचे? ‘अजून एकदा, नीट हास’ हे सातव्यांदा म्हटलं, तर ते काम की लाड?

मागच्या दिवाळीत आमच्या घराच्या ग्रुपवर एका चुलतबहिणीच्या मुलीचा व्हिडिओ आला. पोर सहा वर्षांची. नऊवारी, नथ, लिपस्टिक आणि मोठ्या बाईच्या अदा. मी खाली तीन बदाम टाकले. दोन दिवसांनी तोच व्हिडिओ तिच्या आईच्या सार्वजनिक अकाउंटवर दिसला, आणि खालच्या कॉमेंट वाचल्या. त्या इथे लिहिणार नाही. बहिणीला फोन केला तर ती म्हणाली, ‘दादा, वाईट लोक सगळीकडेच असतात. आणि तिलाच आवडतं रे.’ मागून पोरीचा आवाज आला: ‘मामाला विचार ना, त्याने बघितला का? किती व्ह्यूज झाले?’

तिला आवडतं, हे खोटं नव्हतं. ब्रूकलाही कॅमेरा आवडत असेल. सहा वर्षांच्या मुलाला आईचा आनंदी चेहरा आवडतो. तो चेहरा व्ह्यूजवर अवलंबून आहे हे त्याला कळलं, की त्याला व्ह्यूजही आवडायला लागतात. या आवडण्याला संमती म्हणायचं असेल, तर १९८३ चा निकालही बरोबर मानावा लागेल. मी मानत नाही.

टेरी शील्ड्सला फोटोग्राफर लागला, मासिक लागलं, वकील लागला. आपल्याला एक अंगठा पुरतो. अ‍ॅपच्या अटींवर पालक ‘मान्य’ दाबतात, तीच आजची सही. आणि ज्याने बदाम टाकले तो मी, तो तिकीट काढणारा प्रेक्षक.

म्हणून रडगाणं न गाता तीन मागण्या. पहिली: मुलाच्या व्हिडिओतून पैसा मिळत असेल, तर त्याचा हिस्सा मुलाच्या खात्यात, सेट असो वा स्वयंपाकघर. अमेरिकेत इलिनॉय राज्याने जुलै २०२४ पासून हे लागू केलं आहे. दुसरी: मुलाने ‘काढून टाका’ म्हटलं, की आईबापाची सही आड येता कामा नये. फ्रान्सने २०२० च्या कायद्यात मुलांना हा हक्क दिला. ब्रूक नेमका हाच मागत होती. तिसरी मागणी सरकारकडे नाही, तुमच्याकडे आहे: पुढच्या वेळी अशी रील समोर आली, तर पुढे पाठवू नका, बदाम टाकू नका, आणि ओळखीच्या घरातली असेल तर फोन करा. वाईटपणा येईल. मला आला. बहीण दोन महिने बोलली नाही.

पण अकाउंट आता खासगी आहे. पोरगी परवा भेटली तेव्हा तिने तोच नाच करून दाखवला, माझ्यासमोर, आजीसमोर, खोलीत. मध्येच विसरली, हसली, जाऊन पाणी प्यायली. कुणी ‘अजून एकदा’ म्हणालं नाही.